एकसष्टावा साज

गौरी यायच्या आदल्या दिवशी दुपारी विद्युल्लताबाईंनी गौरीच्या साजाची पेटी उघडली, आणि त्याच चटईच्या दुसऱ्या टोकाला त्यांच्या नातीने, ईशानीने, गणिताचं पुस्तक उघडलं. दोघी वेगवेगळ्या खोल्यांत बसल्या असत्या तर पुढचं काहीच झालं नसतं.

रामघाटावरच्या त्या घरात विद्युल्लताबाईंना सगळे माई म्हणतात. वय ब्याऐंशी. वाईहून लग्न होऊन काशीत आल्या तेव्हा बावीस वर्षांच्या होत्या आणि तेव्हापासून भाद्रपदात गौरीला साज चढायचा तो त्यांच्याच हातचा. यजमान गेले त्या वर्षी गल्लीतल्या दोघीतिघी कुजबुजल्या, की आता सुनेने करावं. "गौर माझी माहेरवाशीण आहे, ह्यांची नव्हती," असं माईंनी सांगितलं आणि विषय संपला.

पेटी शिसवी होती. झाकण उचललं की वाळ्याचा आणि जुन्या रेशमाचा वास यायचा. हल्लीच्या कपाटांना डांबरगोळ्यांचा वास येतो आणि त्याने कोणालाच काही आठवत नाही. ह्या पेटीतून मात्र घरातली लग्नं बाहेर येत. अंजिरी, हिरवा, जांभळा आणि मोतिया असे चार शालू. घरात आलेल्या चार सुनांचे, त्यातला मोतिया माईंचा. तीन नथी. पाच हार. हा सगळा थाट थोरल्या गौरीचा. धाकटीचा साज मात्र ठरलेला: हिरवं सुती लुगडं, काचेचे मणी आणि नाक मोकळं. घराण्याची रीतच तशी. थोरलीला दरवर्षी नवं रूप, धाकटी आहे तशी.

"आजी, सुन ना," ईशानी म्हणाली. ती चौथीत होती आणि तिचं मराठी दर दोन वाक्यांनी हिंदीत पाय बुडवून यायचं. "एका मुलाकडे तीन शर्ट आहेत, दोन पॅन्ट. तर तो किती तऱ्हेने तयार होऊ शकतो?"

"दोन," माई नथीवरचा कापूस काढत म्हणाल्या. "तिसरा शर्ट घालून नुसताच जाणार आहे का बाहेर?"

"नाही गं. गुणाकार करायचा. तीन दुणे सहा. हर एक शर्ट दोन्ही पॅन्टवर चालतो."

"चालत असेल. शोभतो का ते बघावं लागतं."

ईशानीला पुस्तकातल्या मुलापेक्षा पेटीतला ऐवज जास्त आवडला. ती गुडघ्यांवर सरकत जवळ आली. "आता हे बघ. हा एक शालू. ह्याच्यावर तीन नथी, म्हणजे तीन तऱ्हा. प्रत्येकीवर पाच हार. ठुशी, बोरमाळ, पोहेहार, हा कोणता?"

"एकदाणी. आणि तो चपलाहार."

"तीन पंचे पंधरा. एका शालूच्या पंधरा. शालू चार." तिने डोळे मिटले. "साठ. आजी, गौरीला साठ तऱ्हेने सजवता येतं. एक पण रिपीट न करता."

"शाब्बास," माई म्हणाल्या, आणि कापूस काढता काढता त्यांचा हात थांबला. "किती म्हणालीस?"

"साठ."

बाजूच्या पाटावर दोन पितळी मुखवटे पंच्याखाली झाकून ठेवले होते. त्याच वेळी थोरलीवरचा पंचा घसरला आणि तिचे टपोरे डोळे उघडे पडले. खालच्या गल्लीतून आवाज आला, "राम नाम सत्य है." गंगा चढली होती, खालची वाट पाण्यात होती, त्यामुळे त्या आठवड्यात मणिकर्णिकेकडे जाणारे सगळे ह्याच गल्लीतून जात. त्या घरात एरवी ह्या आवाजाला कोणी मान वळवत नाही, भाजीवाल्याला वळवतात. पण आज आजी आणि नात दोघींनी खिडकीकडे पाहिलं.

माईंच्या लग्नाला गेल्या माघात साठ वर्षं झाली होती.

त्यांनी पेटीचं झाकण लावलं, त्यावर दोन्ही हात ठेवले आणि त्या आठवू लागल्या. माईंनी ह्यातलं काही कधी लिहून ठेवलं नव्हतं. लागलंच नाही. अंजिरी शालू, मोत्याची नथ, बोरमाळ: गंगा दारात आली आणि पितळेचे हंडे ओटीवर तरंगले ते वर्ष. हिरवा, पाचूची, ठुशी: ढुंढिराज पोटात होता. जांभळा, माणकाची, चपलाहार: नणंदेने बोलणं टाकलं. मोतिया, मोत्याची, एकदाणी: नणंद परत बोलायला लागली, आणि बोलायला लागली नसती तर बरं झालं असतं असं वाटलं ते वर्ष. एकेक गौर डोळ्यांसमोर येऊन उभी राहात होती. चहाची वेळ झाली तेव्हा माईंनी डोळे उघडले.

"एकही उरला नाही," त्या म्हणाल्या.

संध्याकाळी त्यांचा मुलगा ढुंढिराज बँकेतून आला तेव्हा माई भिंतीकडे तोंड करून निजल्या होत्या. चारचा चहा साय धरून उशाशी तसाच होता.

"माई, काय झालं?"

"काही नाही. तेरवा गौरी उठतील त्यांच्याबरोबर मी जाईन. माझं जोंधळी मंगळसूत्र ईशानीला. चांदीचं तांब्याभांडं स्वयंपाकघरात वापरू नका, पोचे येतात."

ढुंढिराजने ईशानीकडे पाहिलं. ईशानी रडवेली झाली. "मी फक्त गुणा केला, पापा."

मग माईंनी उठून बसून सांगितलं. लग्नानंतरच्या पहिल्या भाद्रपदात सासूबाईंनी त्यांना पेटी दिली आणि एकच अट घातली. तुझ्या हातून एकदा चढलेला साज पुन्हा चढता कामा नये. सासूबाई म्हणाल्या, माझ्या सासूने एका वर्षी विसरून जुनाच साज चढवला. गौरी उठल्या त्याच दुपारी ती अंगणात बसली होती, ती बसल्या जागी गेली. चेहरा थेट मुखवट्यासारखा झाला होता.

"अगं, हे तुला घाबरवायला सांगितलं असेल," ढुंढिराज म्हणाला. "नवी सून, हातात सोनं. नीट लक्ष ठेवावं म्हणून."

"सासूबाई खोटं बोलायच्या नाहीत. बोलल्या असत्या तर त्यांच्याबरोबर दिवस जरा बरे गेले असते."

"आणि माई, लोक मरायला लांबून काशीत येतात. तू तर इथेच आहेस. रिझर्वेशन पण नको."

"मरणाला कोण भितंय?" माई एकदम उसळल्या. "पण तिथे सासूबाई आहेत. दहा वर्षं काढली मी त्यांच्या हाताखाली. पोळीचा काठ जाड, आमटी पातळ, पदर वर, आवाज खाली. इथे मी कशीबशी सासू झाले. तिथे गेले की परत सून. ह्या वयात पाणी भरू का मी त्यांचं?"

 ढुंढिराजने बँकेतल्या पद्धतीने मार्ग काढायचं ठरवलं. "नवा शालू आणतो. चौकातून आत्ता घेऊन येतो."

"दुकानातला चालत नाही. लग्न होऊन ह्या घरात आलेल्या बाईच्या अंगावरचाच लागतो. नथही तशीच, हारही तसाच."

"मग साज शरदिनी चढवेल. तिच्या हातून पहिलाच होईल."

"जिचा शालू पेटीत नाही, तिने थोरलीला हात लावायचा नाही."

स्वयंपाकघरात सोळा भाज्यांची निवड चालली होती. तिथला विळीचा आवाज थांबला.

शरदिनी, म्हणजे ढुंढिराजची बायको, नागपूरची. पंचवीस वर्षांपूर्वी ती ह्या घरात आली तेव्हा तिच्या वडिलांनी घेतलेला डाळिंबी शालू रीतीप्रमाणे पेटीत ठेवायला माईंच्या हातात दिला गेला. माईंनी पदर दोन बोटांत चोळला आणि सगळ्या बायकांसमोर म्हणाल्या, हा बनारसी नाही, हा सुरतेचा, यंत्रावरचा. शालू परत शरदिनीच्या कपाटात गेला. तेव्हापासून ती दरवर्षी धाकट्या गौरीला हिरवं लुगडं नेसवी आणि थोरलीचा थाट लांबून बघे. तिला त्याबद्दल कोणी बोलताना ऐकलं नव्हतं. पण राग आला की तिच्या बोलण्यातून नागपूर बाहेर यायचं, आणि गौरीच्या दिवसांत ते रोजच यायचं.

माईंनी घसा साफ केला. "शरदिनी, तुझा तो शालू आहे ना गं?"

"कोणता शालू?" आतून आवाज आला.

"लग्नातला. डाळिंबी."

"तो होय. तो बनारसी नाही ना, माई. सुरतेचा आहे. तुम्हीच सांगून राहिल्या होत्या."

"म्हणाले असेन. तेव्हा मला चष्मा नव्हता."

"बोटांनी चोळून म्हणाल्या होत्या. बोटांना कुठं चष्मा लागते?"

 थोरलीचा मुखवटा पाटावरून त्या दोघींच्या मधल्या दाराकडे बघत होता. ढुंढिराजने तो जरा भिंतीकडे वळवला. दिवेलागणीला कोणीतरी तो परत दाराकडे वळवलेला दिसला. ढुंढिराजला वाटलं, ईशानीने वळवला.

"आणि सुरत काय परदेशात आहे?" माई म्हणाल्या. "सुरतेला काय माणसं लग्नं करत नाहीत?"

ईशानी बोटं मोजत होती. "शालू पाच झाले तर पंधरा पंचे पंचाहत्तर. आजीला पंधरा वर्षं अजून मिळतील. सिर्फ एक शालूने."

शरदिनी हात पुसत दारात आली. ती अठ्ठेचाळीस वर्षांची होती. अठ्ठेचाळीस आणि पंधरा हा हिशेब तिने केला, हे तिच्या चेहऱ्यावर सगळ्यांना दिसलं. त्रेसष्ट. मग तिची नजर उशाजवळच्या चहावर गेली. माईंनी चहा न पिता ठेवला होता तो एकदाच, यजमान गेले त्या दिवशी.

"देते," ती म्हणाली. "पण निऱ्या मी घालीन. थोरलीच्या."

माईंनी छताकडे पाहिलं. मरणाचा आणि निऱ्यांचा त्या तौलनिक विचार करत होत्या, आणि त्याला बराच वेळ लागला.

"निऱ्या तू," त्या अखेर म्हणाल्या. "नथ मी. आणि निऱ्या बारीक घाल, नागपूरसारख्या ढोबळ नको."

शरदिनी आत गेली आणि मलमलीत गुंडाळलेला शालू घेऊन आली. पंचवीस वर्षांत त्याची एकही घडी मोडली नव्हती. माईंनी तो घेतला, बोटं पदराकडे गेली, पण ह्या वेळी त्यांनी ती आवरली. डाळिंबी शालू मोतियाच्या अंगावर ठेवून दिला आणि म्हणाल्या, "चहा कर. आल्याचा."

सगळ्यांना हलकं वाटलं. ईशानी तर गणितात रंगून गेली. "पापा, अजून एक काही टाकलं तर अजून वाढतील."

"हार करू या सहा," ढुंढिराज म्हणाला.

"हाराने पंधराच वाढतात. शालूने पण पंधरा. पण नथ एक वाढवली ना, तर पाच शालू आणि पाच हार, पंचवीस वाढतात. नथी कमी आहेत ना, म्हणून एक नथ सगळ्यात भारी पडते. पूरे सौ होतील."

"नथ कुठून आणू?" माई म्हणाल्या. "हिची चापाची. चापाची नथ गौरीला चालत नाही. चौथी एक होती, सासूबाईंची. एकच पाणीदार मोती, हिरवट झाक असलेला. सवाष्ण गेल्या त्या. नाकातली नथ काढायची नाही असं बजावून गेल्या होत्या. तारेचा फासा सैल झालेला, तो मीच लाल दोऱ्याने गुंडाळून घट्ट केला, वाटेत पडू नये म्हणून. ती मणिकर्णिकेला त्यांच्याबरोबरच गेली."

हे बोलणं झालं तेव्हा खोलीत चार माणसं होती आणि दोन मुखवटे.

दुसऱ्या दिवशी गौरी आल्या. हळदीकुंकवाच्या पावलांवरून मुखवटे आत आले, उभे राहिले. थोरलीला डाळिंबी शालू, माणकाची नथ, पोहेहार. निऱ्या खरोखर बारीक पडल्या. शरदिनी दोनदा मागे जाऊन बघून आली. माईंनी एक निरी उगीचच चिमटीत धरून सोडली आणि काही बोलल्या नाहीत; पंचवीस वर्षांत माईंनी तिचं केलेलं ते पहिलं कौतुक होतं. धाकटी शेजारी हिरव्या सुती लुगड्यात, काचेच्या मण्यांत, मोकळ्या नाकाने उभी होती.

जेवणाच्या दिवशी सवाष्णी आल्या, पुरण झालं, सोळा भाज्या झाल्या. सगळ्यांनी नव्या शालूचं नाव काढलं. "सुरतेचा आहे," असं माई प्रत्येकीला आपणहून सांगत होत्या, जणू सुरतेला त्यांनीच माणूस पाठवला होता. फक्त नैवेद्य दाखवताना एक झालं. दारंखिडक्या बंद असताना खोलीत धुराचा वास आला. ऊदधुपाचा नव्हे. काशीत राहणाऱ्या माणसाला तो वास कसला हे सांगावं लागत नाही. निरांजनाच्या ज्योती धाकटीकडे कलल्या, आणि परत सरळ झाल्या.

"वारा तिकडचा असेल," ढुंढिराज म्हणाला.

"खिडकी बंद आहे," ईशानी म्हणाली.

"मग फट असेल."

तिसऱ्या दिवशी गौरी उठवायच्या होत्या. सकाळपासून माई जरा गप्प होत्या. गणित कितीही पक्कं असलं तरी दुपार टळेपर्यंत भरवसा धरू नये, असं त्यांचं मत होतं. त्यांनी खुर्ची अंगणात न ठेवता आत घेतली. ढुंढिराजने बँकेतून अर्धी सुट्टी काढली आणि ती डोकं दुखतंय म्हणून काढल्याचं सांगितलं. शरदिनी दर थोड्या वेळाने पाणी, लिंबू, पुन्हा पाणी असं काहीतरी घेऊन माईंसमोर येई आणि माईंच्या छातीचा पदर वरखाली होतो का ते बघून जाई.

"जिवंत आहे," माई दर वेळी सांगत.

दुपार टळली. आरती झाली, दहीभाताचा नैवेद्य झाला, अक्षता टाकून गौरी हलवल्या. माई धडधाकट होत्या. त्यांनी स्वतः पेटी ओढून घेतली.

"आण गं एकेक. आधी नथ."

शरदिनीने थोरलीची माणकाची नथ उतरवून दिली. माईंनी ती मोत्याच्या आणि पाचूच्या नथीशेजारी कापसात ठेवली. "झाल्या तीन. आता हार."

"माई," शरदिनी म्हणाली. तिचा आवाज असा होता की ढुंढिराज दारातून आत आला. "ही कोणाची?"

ती धाकट्या गौरीसमोर उभी होती. हिरवं सुती लुगडं, काचेचे मणी. आणि नाकात नथ. बारीक, जुन्या घडणीची, एकाच मोत्याची.

"तुम्ही आणली?" शरदिनीने नवऱ्याला विचारलं.

"मी? नथ कोणत्या नाकपुडीत घालतात हे मला आज कळतंय."

"ईशानी?"

"मम्मी, कसम से नाही. मी तर तिच्या जवळ पण नाही गेले. मला ती बघते असं वाटतं."

माईंनी हात पुढे केला. शरदिनीने नथ काढून त्यांच्या तळव्यावर ठेवली आणि हात चटकन मागे घेतला. ती नथ कोमट होती. माईंनी चष्मा लावला, नथ खिडकीच्या उजेडात धरली. मोत्याला हिरवट झाक होती. तारेच्या फाशावर दोरा गुंडाळला होता. कधीकाळी लाल असावा, आता कडेने काळवंडलेला. शेवटचा वेढा उलटा घेऊन त्यात टोक खोवलं होतं. तशी गाठ त्या घरात एकट्या माई मारायच्या. वाईला त्यांच्या आईने शिकवलेली.

खालून "राम नाम सत्य है" गेलं. 

"सासूबाईंची," माई म्हणाल्या.

ढुंढिराज पाटावर बसला. शरदिनीने ईशानीला जवळ ओढलं. ईशानीला भीती वाटत होती, पण त्याहून जास्त तिला हिशेब अर्धा राहिलेला सहन होत नव्हता.

"पाच शालू, चार नथी, पाच हार," ती आईच्या कुशीतून पुटपुटली. "शंभर. साठ झाले, हा एकसष्टावा. अजून एकोणचाळीस वर्षं आहेत, आजी."

माईंनी नथ उलटसुलट करून पाहिली. त्यांच्या चेहऱ्यावरची तीन दिवसांची भीती हळूहळू ओसरली आणि तिच्या जागी जुना, पोळीच्या काठांच्या काळातला राग चढू लागला.

"ऐकलंस तू परवा ईशानीने सांगितलेलं?" त्या शरदिनीला म्हणाल्या. "शालूने पंधरा, हाराने पंधरा. नथीने पंचवीस. बरोबर नथच पाठवली. गणित पक्कं होतं त्यांचं. वाणसामानात एक पै सुटू द्यायच्या नाहीत."

"पण कशाला, माई?"

"कशाला काय? म्हणजे सासूबाईंना मी अजून एकोणचाळीस वर्षं तिथे नको आहे."

त्यांनी नथ चौथ्या कापसात ठेवली, झाकण आपटलं आणि आल्याचा चहा मागितला.

शरदिनी मात्र जागची हलली नाही. अठ्ठेचाळीस आणि एकोणचाळीस, तिचे ओठ हलत होते. सत्त्याऐंशी. मग तिने पदर सावरला, धाकट्या गौरीच्या मुखवट्याजवळ गेली आणि अगदी हळू, सासरच्या वडीलधाऱ्या बाईशी बोलावं तशा अदबीने म्हणाली, "आणि माझं काय, आजेसासूबाई?"

धाकटीने काही सांगितलं नाही. पण तिचं मोकळं नाक थोडं वर उचलल्यासारखं दिसलं, असं ईशानी अजून सांगते.